आधीं घामाचा दाम, मग सावकाराचें व्याज!

शेतकऱ्यांच्या पत्रांत जहाजाची गोष्ट कशाला, असें कोणी विचारील. नांगर म्हटला कीं आमच्या बहुतेक वाचकांपुढें बैलांमागचा नांगर उभा राहतो, बोटीचा नव्हे. पण जमिनीचे तुकडे पडत गेले, पाऊस बेभरवशाचा झाला, आणि कोंकणांतल्याच नव्हे तर घाटावरच्या खेड्यांतलींहि पोरें आतां त्या दुसऱ्या नांगरामागें जाऊं लागलीं आहेत. कोणी तेलाच्या जहाजावर, कोणी आखातांतल्या लहानशा टगवर, कोणी इंजिनखान्यांत, कोणी भटारखान्यांत. तेव्हां ही गोष्ट परक्याची नव्हे, आपल्या ओटीवरची आहे.

असें एक घर डोळ्यांपुढें आणा. बापानें काजूची बाग गहाण टाकून एजंटाच्या हातावर दोन-चार लाख रुपये ठेवले. पोरगा परदेशीं जाऊन जहाजावर चढला. पहिले दोन महिने घरीं पैसे आले. तिसऱ्या महिन्यापासून मालकाचें एकच उत्तर, ‘पुढच्या बंदरांत देतों.’ पुढचें बंदर आलें नि गेलें. मग जहाज नांगर टाकून उभें राहिलें तें राहिलेंच. डिझेल संपलें, पिण्याचें पाणी संपत आलें, मालक फोन उचलीनासा झाला. इकडे बँकेचा हप्ता थांबला नाहीं आणि सावकाराचें व्याज झोंपलें नाहीं. पोरगा फोनवर म्हणतो, ‘बाबा, मी उतरून आलों तर नऊ महिन्यांचा पगार बुडेल.’ बाप काय सांगणार? त्याला वाटतें, मालक हजारों कोस दूर, पैसा त्याचा, कोर्ट त्याचें, बुडाला तो बुडाला!

बापाचा हा समज चुकीचा आहे, आणि तो त्याला कोणी सांगत नाहीं, हें सांगण्यासाठींच आजचा लेख. इतर बहुतेक मजुरांना नाहीं असा एक हक्क खलाशाला आहे. त्याचा पगार मालकाच्या खिशावर अवलंबून नाहीं, तो जहाजावरच बसलेला आहे. आणि तो सावकाराच्या गहाणाच्याहि आधीं बसलेला आहे!

आमच्या वाचकांना ही गोष्ट सातबाऱ्यावरून चटकन् कळेल. जमिनीवर सोसायटीचा बोजा चढला म्हणजे ती जमीन कोणालाहि विका, बोजा जमिनीबरोबर जातो. घेणाराच्या गळ्यांत पडतो. खलाशाच्या थकलेल्या पगाराचा असाच बोजा जहाजावर चढतो. जहाज विकलें, त्याचें नांव बदललें, शेपटीवरचा झेंडा बदलला, तरी बोजा जात नाहीं. फरक दोनच. जमिनीचा बोजा तलाठ्याकडे नोंदवावा लागतो. हा बोजा कोठेंहि न नोंदवतां आपोआप चढतो. आणि जमिनीवर मागून आलेला मजूर रांगेंत मागें उभा राहतो. येथें मजूर पुढें आणि बँक मागें!

हा हक्क कोणी दयाळू शेटजीनें दिलेला नाहीं. जुन्या इंग्लंडांत तर उलटाच नियम होता. जहाजाला भाडें मिळालें तरच खलाशाला पगार. जहाज वादळांत फुटलें, माल बुडाला, कीं वर्षभर राबलेल्या खलाशाच्या हातीं कांहीं नाहीं. पीक बुडालें म्हणून सालगड्याचें साल बुडवावें तसला हा न्याय. १८५४ च्या इंग्रजी कायद्यानें तो नियम काढून टाकला. त्याआधींच, एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीं, लंडनच्या नौका-न्यायालयाचे न्यायाधीश लॉर्ड स्टोवेल यांनीं आपल्या निकालांतून असें ठरविलें होतें कीं, जहाजाची शेवटची फळी उरली असेल तरी त्या फळीवर खलाशाच्या पगाराचा हक्क आहे. यांत न्यायाइतकाच व्यापाराचाहि हिशेब होता. खलाशी नसेल तर जहाज म्हणजे पाण्यावरचें लांकूड. ज्याच्या हातांनीं जहाज बंदराला लागलें, ज्याच्या हातांनीं बँकेचें तारण शाबूत राहिलें, त्याला बँकेच्या मागें उभें करणें हें खुद्द व्यापाराच्याहि मुळावर येणारें होतें.

आतां आमच्या देशांतला कायदा पाहूं. इंग्रज गेले, पण जहाजांवरच्या दाव्यांसाठीं त्यांचे १८४० चे, १८६१ चे, १८९० चे कायदेच आमच्याकडे चालत राहिले. अशा दाव्यांचा अधिकार मुख्यतः मुंबई, कलकत्ता आणि मद्रास या तीन हायकोर्टांकडे होता. २०१७ सालीं संसदेनें या विषयाचा नवा कायदा केला आणि १ एप्रिल २०१८ पासून तो लागू झाला. आतां मुंबईबरोबरच गुजरात, कर्नाटक, केरळ, ओरिसा, आंध्र वगैरे किनाऱ्याच्या हायकोर्टांनाहि तो अधिकार आहे. महाराष्ट्र आणि गोवा यांना मुंबईचें हायकोर्ट.

या कायद्यांत जहाजावरच्या बोजांचा क्रम लावून दिला आहे. पहिल्या क्रमांकावर कप्तान, अधिकारी आणि खलाशी यांचा पगार, त्यांना घरीं पाठविण्याचा खर्च, आणि त्यांच्या विम्याची वर्गणी. दुसऱ्यावर माणूस दगावला किंवा जखमी झाला त्याची भरपाई. तिसऱ्यावर बुडतें जहाज वांचविणाऱ्यांचें बक्षीस. चवथ्यावर बंदराची पट्टी. पांचव्यावर जहाजानें धडक देऊन केलेलें नुकसान. आणि हे सारे झाल्यावर मग बँकेचें नोंदलेलें गहाण! कोट्यवधींचें कर्ज देणारी बँक रांगेंत उभी, आणि भटारखान्यांत भांडीं घासणारा पोरगा तिच्या पुढें. आमच्या वाचकांनीं हा क्रम पुन्हां एकदां वाचावा. असा क्रम त्यांना जमिनीवर कोठें पाहायला मिळायचा नाहीं.

दावा कसा चालतो तेंहि सांगतों, कारण न कळणाऱ्या हक्काचें मोल कवडीचें. नेहमींच्या दाव्यांत मालकाला शोधावें लागतें, त्याच्यावर समन्स बजावावें लागतें. मालक ग्रीसांत, कंपनी पनामांत, झेंडा भलत्याच देशाचा; समन्स बजावणार कोणावर? म्हणून या दाव्यांत प्रतिवादी म्हणून जहाजाचेंच नांव घालतां येतें. जहाज आमच्या हद्दींतल्या पाण्यांत उभें असलें कीं पुरे. हायकोर्टाला दावा सकृद्दर्शनीं खरा वाटला म्हणजे जहाजाच्या अटकेचा हुकूम सुटतो. मुंबईस शेरीफाचे अंमलदार जाऊन तो हुकूम जहाजालाच चिकटवितात. मग त्या पाण्यांतून जहाजाला हालतां येत नाहीं. ज्या मालकाला नऊ महिने फोन ऐकूं येत नव्हता त्याचे वकील नऊ दिवसांत हजर होतात! ते कोर्टांत रक्कम भरतात किंवा हमी देतात, आणि जहाज सोडवून नेतात. मालक आलाच नाहीं, जहाज टाकूनच दिलें, तर कोर्टानें ४५ दिवसांत त्याचा लिलाव करावा, फार तर कारण लिहून ३० दिवस वाढवावेत, असें कायदा सांगतो. लिलावाच्या पैशांतून जप्ती-विक्रीचा खर्च वजा जातां पहिला वांटा खलाशांचा.

एवढेंच नव्हे. खुद्द सरकारनें जहाज जप्त केलें तर? हाहि प्रश्न आमच्या सर्वोच्च न्यायालयापुढें आला होता. ‘कोबे क्वीन’ नांवाचें परदेशी जहाज तटरक्षक दलानें पकडलें. कस्टम खात्यानें तें सरकारजमा केलें. त्यावरचे खलाशी पगारासाठीं कोर्टांत गेले. सरकारजमा झालेल्या मालावर मजुराचा कसला हक्क, असें कोणीहि म्हणेल. पण २००६ सालीं ‘कोनोवालोव्ह’ या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें ठरविलें कीं, जप्तीनें खलाशांचा बोजा पुसला जात नाहीं, आणि पगाराचा प्रश्न हा माणसाच्या जगण्याच्या हक्काचा प्रश्न आहे. ते खलाशी आमच्या जातीचे नव्हते, धर्माचे नव्हते, देशाचेहि नव्हते. पण त्यांनीं आमच्या कोर्टांत मिळविलेला निकाल आमच्या पोरांच्याहि कामीं येणारा आहे. घामाला जात नसते ती अशी.

मग कोणी म्हणेल, हक्क एवढा पोलादी आहे तर पोरें उपाशी कां मरतात? हा प्रश्न रास्त आहे, आणि त्याला बगल देऊन आम्ही वाचकांना फसवूं इच्छीत नाहीं. आंतरराष्ट्रीय वाहतूक कामगार महासंघानें २०२४ सालीं मालकांनीं वाऱ्यावर सोडलेलीं तीनशेंहून अधिक जहाजें मोजलीं. त्यांवर तीन हजारांहून अधिक खलाशी अडकले होते, आणि त्यांत सर्वांत मोठी संख्या भारतीयांची होती!

हक्क आहे जहाजावर, पण जहाजाची किंमत किती? लबाड मालक जहाज टाकतो तें नवें टाकीत नाहीं. गंजून भंगाराला आलेलें टाकतो. एक जहाज, एक कागदी कंपनी, असा त्यांचा धंदा. कंपनीजवळ दुसरें कांहींच नसतें. शिवाय जहाज ज्या देशाच्या बंदरांत अडकेल तेथला कायदा, तेथलें कोर्ट. खलाशाच्या पगाराचा हक्क बहुतेक दर्यावर्दी देशांत मानला जातो खरा, पण कोर्टाचा वेग सगळीकडे सारखा नाहीं.

ईजिप्तांत काय झालें पाहा. ‘अमान’ नांवाचें जहाज २०१७ सालीं तेथील बंदरांत अडकवून ठेवलें गेलें. मालकाजवळ पैसे नाहींत, कप्तान किनाऱ्यावर. तेथल्या कोर्टानें जहाजावरच्या एका सीरियन अधिकाऱ्याला जहाजाचा कायदेशीर राखणदार नेमलें. त्या कागदाचा अर्थ त्याला पुरता कळला नव्हता. अर्थ असा होता कीं, जहाज विकलें जाईपर्यंत किंवा दुसरा राखणदार मिळेपर्यंत त्यानें जहाज सोडूं नये. एकेक करून सोबती गेले. वीज नाहीं, माणूस नाहीं. आई वारली तरी घरीं जातां आलें नाहीं. २०२१ च्या एप्रिलांत, जवळजवळ चार वर्षांनीं, त्याची सुटका झाली. जप्त केलेल्या बैलाला गोठ्यांत बांधावें आणि बैलाच्या गड्यालाहि त्याच दाव्याला बांधावें, तसा हा प्रकार. कोणत्याहि कागदावर न समजतां सही करूं नये, हें आमचे वाडवडील सावकाराच्या दारांत शिकले. समुद्रावरहि तोच धडा.

२०२१ च्या जानेवारींतच संयुक्त अरब अमिरातीच्या किनाऱ्यावर ‘इबा’ नांवाचें तेलवाहू जहाज वादळी वाऱ्यानें नांगर तुटून वाळूंत येऊन रुतलें. त्यावर पांच माणसें होतीं, कांहीं भारतीय होते. अडीच वर्षांहून अधिक काळ पगार नाहीं, आणि पगार बुडेल या भीतीनें ते जहाज सोडीत नव्हते. शेवटीं तडजोड होऊन पगाराचा कांहीं भाग हातीं आला, सगळा नव्हे.

या भीतीविषयीं एक शब्द. बोजा जहाजावर बसलेला असतो, माणसाच्या पायांवर नव्हे. माणूस जहाजावरून उतरला म्हणून बोजा उतरत नाहीं. कागद पक्के करून, हिशेब कप्तानाच्या सहीनिशीं घेऊन उतरलेल्या खलाशाचा हक्क कायम राहतो. मात्र तो सदैव राहत नाहीं. आमच्या २०१७ च्या कायद्यानें पगाराच्या बोजाला दोन वर्षांची मुदत घातली आहे, आणि ती पगार देणें झाल्या दिवसापासून मोजावयाची. तेवढ्या मुदतींत नुसता अर्ज करून भागत नाहीं, जहाज अटकेंत पडावें लागतें. ‘आज देतों, उद्यां देतों’ म्हणणाऱ्या मालकाला ही दोन वर्षें पाठ असतात. आमच्या पोरांनाच तीं ठाऊक नसतात.

यावर दुसरा एक उपाय आतां झाला आहे. खलाशांच्या श्रमाविषयींचा २००६ सालचा आंतरराष्ट्रीय करार भारतानें २०१५ सालीं मान्य केला. पगार महिन्याच्या महिन्याला द्यावा, त्यांतला भाग परस्पर घरीं पाठविण्याची सोय करावी, असें हा करार सांगतो. २०१७ च्या जानेवारीपासून त्यांत आणखी भर पडली. दोन महिने पगार दिला नाहीं, किंवा अन्नपाणी तोडलें, किंवा घरीं पाठविण्याचा खर्च नाकारला, कीं मालकानें खलाशाला टाकून दिलें असें समजावयाचें. अशा वेळीं उपयोगी पडावी म्हणून मालकानें आधींच विमा किंवा हमी काढून ठेवली पाहिजे. तींतून चार महिन्यांपर्यंतचा थकलेला पगार, अन्नपाणी आणि घरचें तिकीट मिळतें. त्या हमीचा दाखला जहाजावर सर्वांना दिसेल असा भिंतीवर लावलेला असला पाहिजे. जहाजावर पाय ठेवल्याबरोबर आपल्या मुलानें तो दाखला आहे कीं नाहीं हें पाहावें. नसेल तर त्या जहाजाची नियत काय ती पहिल्याच दिवशीं कळते.

पण येथेंहि गरिबाच्या वांट्याला भोक पडलेली घोंगडी आलीच. हा करार मासेमारीच्या बोटींना लागू नाहीं, आणि जुन्या घडणीच्या शिडाच्या गलबतांनाहि नाहीं. रत्नागिरीच्या बंदरांत मासेमारीच्या ट्रॉलरवर राबणारा परगांवचा खलाशी, आखातांतल्या गलबतावरचा आमचा तांडेल, हे त्याच्या बाहेर राहिले. ज्याचें जहाज लहान त्याचा हक्कहि लहान, हा कुठला न्याय?

आमचा आणि दर्याचा संबंध कांहीं कालचा नव्हे. समुद्र ओलांडला कीं धर्म बुडतो असें पोथ्या सांगत होत्या, तेव्हांहि भंडारी, कोळी, खारवी, गाबीत, दालदी हे दर्यावर होतेच. शिवछत्रपतींचें आरमार त्यांच्या हातांनीं चाललें, आंगऱ्यांचें चाललें. आणि तेंच आंगऱ्यांचें आरमार १७५६ सालीं विजयदुर्गास इंग्रजांच्या तोफांनीं जाळलें गेलें तेव्हां पुण्याचे पेशवे इंग्रजांच्या बाजूला होते! पुढें वाफेचीं जहाजें आलीं. कोंकणचा लष्कर आणि गोव्याचा तारवटी मुंबईच्या गोदींत, कुडांमध्यें आणि खोल्यांमध्यें दाटीनें राहूं लागला, आणि इंग्रजी कंपन्यांच्या भट्ट्यांपुढें कोळसा ओढूं लागला. पगार गोऱ्या खलाशाच्या तिसऱ्या हिश्शाइतका, कोठें त्याहूनहि कमी. आणि तेवढी चाकरी मिळावी म्हणून घाटसारंगाला आणि दलालाला लांच द्यावा लागे. १९३९ सालीं महायुद्ध पेटलें तेव्हां पाणसुरुंगांच्या समुद्रांत जीव घालायला या लोकांना सांगण्यांत आलें. त्यांनीं इंग्लंडच्या बंदरांत काम थांबवून पगारवाढ मागितली. कित्येकांना तेथें तुरुंग पाहावा लागला, पण पगार वाढला. तेव्हां हक्क कोणी ताटांत वाढून देत नाहीं, हें आमच्या खलाशाला कोणी शिकवायला नको.

शिकवायला हवें तें दुसरेंच. दर्याची विद्या आमच्याकडे होती, कागदाची नव्हती. तांडेलाला वारा कळे, तारे कळत, खडक कळत. पण करारावर काय लिहिलें आहे तें सारंग सांगेल तें खरें. आज सारंगाच्या जागीं गुळगुळीत कपड्यांतला एजंट आला आहे, एवढाच फरक. सरकारी परवान्यावांचून कोणालाहि खलाशांची भरती करतां येत नाहीं, आणि परवाना असला तरी नोकरी लावण्याबद्दल खलाशाकडून पैसे घेतां येत नाहींत. म्हणजे बाग गहाण टाकून दिलेली ती रक्कमच मुळांत बेकायदेशीर! जो पहिल्याच पायरीला बेकायदेशीर पैसे मागतो तो पुढें कायदेशीर पगार मिळवून देईल, ही आशा कशाला?

तेव्हां ज्यांचा मुलगा जहाजावर जाणार आहे त्या घरांना आमचें सांगणें असें. एजंटाचा परवाना मुंबईच्या जहाजवाहतूक महासंचालकांच्या कार्यालयाच्या यादींत आहे कीं नाहीं तें आधीं पाहा. कराराची एक प्रत घरांत ठेवा. ती इंग्रजींत असेल तर शाळेच्या मास्तराकडून वाचवून घ्या, त्यांत लाज कसली? जहाजाचें नांव आणि त्याचा सात आंकडी नोंदणी क्रमांक लिहून ठेवा; नांव बदलतें, तो क्रमांक बदलत नाहीं. मुलानें किती महिने काम केलें, किती मिळालें, किती राहिलें, याची टांचणवही ठेवावी, आणि पगाराच्या पावत्यांचे फोटो घरीं पाठवावेत. ‘सर्व पगार पोंचला’ अशा कोऱ्या कागदावर सही करूं नये. दोन महिने पगार चुकला कीं गप्प बसूं नये; महासंचालकांकडे, खलाशांच्या युनियनकडे, बंदरांतल्या वाहतूक कामगार महासंघाच्या निरीक्षकाकडे त्याच आठवड्यांत लिहावें. आणि कोर्टांत जाण्याची वेळ आली तर एकट्यानें जाऊं नये. जहाजावरच्या सर्वांनीं मिळून एकत्र जावें. वकिलाचा खर्च वांटला जातो आणि फुटून तडजोड करणारा घरभेदी निपजत नाहीं.

सरकारलाहि आमचें मागणें आहे. हक्क हायकोर्टांत ठेवला आणि हायकोर्ट मुंबईंत ठेवलें. राजापूरच्या विधवेनें किंवा पाटणच्या शेतकऱ्यानें तेथवर कसें जावें? जुन्या १९५८ च्या कायद्यांत मॅजिस्ट्रेटपुढें थोडक्यांत पगार मागण्याची सोय होती. २०२५ सालीं संसदेनें त्या कायद्याच्या जागीं नवा कायदा मंजूर केला आहे. कायदा जुना असो कीं नवा, गरिबाच्या पायांखालची वाट त्यांत असली पाहिजे. किनाऱ्याच्या प्रत्येक जिल्ह्यांत खलाशांच्या घरांना फुकट कायदेशीर सल्ला देणारी कचेरी असावी, आणि खलाशांना टाकून देणाऱ्या जहाजांची व बोगस एजंटांची यादी मराठींत तालुक्याच्या ठिकाणीं लावावी. तहसील कचेरीच्या भिंतीवर थकबाकीदार शेतकऱ्यांचीं नांवें लावायला जागा सांपडते, मग मजुरांच्या थकबाकीदारांचीं नांवें लावायला कां सांपडूं नये?

शेवटीं, ज्यांच्या घरांतून कोणी दर्यावर गेलें नाहीं आणि जाणारहि नाहीं त्यांच्यासाठीं. १८८४ सालीं नारायणराव लोखंडे यांनीं मुंबईच्या गिरणी कामगारांची सभा भरवून ज्या मागण्या मांडल्या, त्यांत एक अशी होती कीं, मागच्या महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या १५ तारखेपर्यंत मिळावा. सत्यशोधकाचें पहिलें गाऱ्हाणें सुद्धां थकलेल्या पगाराचेंच! आज काय आहे? कारखाना दिवाळ्यांत निघाला तर २०१६ च्या दिवाळखोरी कायद्यानें कामगाराचा २४ महिन्यांचा पगार तारणवाल्या बँकेच्या बरोबरीला उभा केला आहे, पुढें नव्हे. आणि बँकेनें आपलें तारण वेगळें काढून नेलें तर कामगारानें उरल्या-सुरल्याकडे पाहावें. उसाचें बिल १४ दिवसांत द्यावें, न दिल्यास शेंकडा १५ व्याज द्यावें, असा १९६६ चा हुकूम आहे. पण साखर गोदामांत बँकेकडे तारण, आणि ऊस पिकविणारा व तोडणारा गोदामाबाहेर उभा, हें चित्र आमच्या वाचकांपैकीं कोणी पाहिलें नाहीं?

गंजक्या जहाजाच्या शेवटच्या फळीवर खलाशाचा पहिला हक्क आहे असें जर कायद्याला समुद्रावर म्हणतां येतें, तर साखरेच्या पहिल्या पोत्यावर ऊसकऱ्याचा आणि तोडणीवाल्याचा पहिला हक्क आहे असें त्याच कायद्याला जमिनीवर म्हणायला कोणतें पाणी आडवें येतें? विणकराच्या कापडावर, चांभाराच्या जोड्यावर, कुंभाराच्या भट्टीवर दाम आधीं कोणाचा? समुद्रावर दोनशें वर्षें हा नियम चालला आणि जगाचा व्यापार बुडाला नाहीं, वाढला. बँका मोडल्या नाहींत. त्या अजून जहाजांना कर्ज देतात. तेव्हां ‘मजुराला आधीं दिलें तर धंदा बुडेल’ ही शेटजींची ओरड खोटी आहे, याचा पुरावा रोज बंदराला लागतो आहे. तो पुरावा आमच्या शेतकऱ्यांनीं, कारागिरांनीं आणि त्यांच्या पुढाऱ्यांनीं पाहावा, आणि निवडणुकींत मतें मागायला येणाऱ्यांना याच क्रमानें प्रश्न विचारावा: आधीं कोणाचें देणें?